जोनाथन स्विफ्ट पहिल्यांदा वाचताय? मग गलिव्हर थोडा बाजूला ठेवा

गलिव्हर आपल्या सगळ्यांच्या ओळखीचा. किनाऱ्यावर उताणा पडलेला, अंगावर दोऱ्यांचं जाळं, छातीवर चढलेली वीतभर माणसं, असं चित्र असलेलं पातळ पुस्तक चौथी-पाचवीत कधीतरी हातात येतं आणि बहुतेकांचा जोनाथन स्विफ्ट तिथेच संपतो, म्हणजे मुलांच्या गोष्टी लिहिणारा कोणीतरी इंग्रज. तो धड इंग्रजही नव्हता, आणि मुलांसाठी तर त्याने ते पुस्तक लिहिलंच नव्हतं. मला खरा स्विफ्ट सापडायला त्यानंतर पंधरा वर्षं गेली, तीही चुकीच्या टोकाने सुरुवात करून, दोनदा अर्धवट सोडून. तुमचं तसं होऊ नये म्हणून हे सगळं लिहितेय, कुठून सुरू करायचं, कशानंतर काय वाचायचं आणि वाचताना लक्ष कुठे ठेवायचं.

सगळ्यात आधी एक किल्ली देते. स्विफ्टच्या लिखाणात जो 'मी' बोलतो तो बहुतेक वेळा स्विफ्ट नसतो. आपल्याकडे भारुडात एकनाथ कधी जोशी होतात, कधी विंचू चावलेली बाई होतात, आणि ऐकणाऱ्याला पक्कं ठाऊक असतं की हे सोंग आहे. स्विफ्टही तसंच सोंग घेतो, फक्त तो सांगत नाही की घेतलंय. ते ओळखायचं काम तुमचं. म्हणून काहीही वाचायला घेतलं की पहिला प्रश्न हाच विचारा, आत्ता बोलतोय तो कोण आहे, त्याचा धंदा काय, त्याला काय दिसतंय आणि काय दिसत नाहीये.

पायरी १: आयुष्य एका बैठकीत समजून घ्या

जन्म ३० नोव्हेंबर १६६७, डब्लिन. घराणं इंग्रज, जन्म आयर्लंडचा, अशांना अँग्लो-आयरिश म्हणतात. वडील त्याच्या जन्माआधीच गेले, पुढे दाई त्याला परस्पर इंग्लंडला व्हाइटहेवनला घेऊन गेली आणि पोर तीनेक वर्षं तिकडेच राहिलं. शिक्षण काकांच्या पैशावर, आधी किल्केनीची शाळा, मग डब्लिनचं ट्रिनिटी कॉलेज. १६८९ साली तो इंग्लंडमध्ये सर विल्यम टेंपल नावाच्या निवृत्त मुत्सद्द्याकडे सेक्रेटरी म्हणून लागला, आणि त्या घरात आठ वर्षांची एक मुलगी होती, एस्तर जॉन्सन. तिला लिहा-वाचायला शिकवायला त्याने मदत केली. हीच त्याची पुढची 'स्टेला', तिच्याकडे नंतर येऊ.

पुढे तो प्रोटेस्टंट धर्मगुरू झाला. १७१० ते १७१४ ही चार वर्षं लंडनमध्ये सत्तेच्या अगदी जवळ काढली, टोरी पक्षाच्या सरकारसाठी लेखणी चालवली, मंत्र्यांच्या पंगतीला बसला, कवी अलेक्झांडर पोप, जॉन गे, जॉन आर्बथनॉट ही लेखक मंडळी जिवलग मित्र. त्याला हवी होती इंग्लंडमधली मोठी जागा. पण राणी अ‍ॅनची मर्जी नव्हती, आणि १७१३ साली मिळालं काय तर डब्लिनच्या सेंट पॅट्रिक्स कॅथीड्रलचं डीनपद, म्हणजे तिथल्या प्रमुख धर्मगुरूची जागा. पुढच्या वर्षी राणी वारली, सरकार कोसळलं आणि सेहेचाळीस वर्षांचा स्विफ्ट डब्लिनला परतला, मनातून हद्दपार झाल्यासारखा.

आणि माझ्या मते खरा स्विफ्ट इथून सुरू होतो. कारण त्याने खिडकीबाहेर बघितलं. आयर्लंडच्या जमिनींचे मालक लंडनला राहायचे, खंड तिकडे जायचा. १६९९ च्या कायद्याने लोकरीच्या कापडाची निर्यात जवळजवळ बंद पाडलेली. १७२० मध्ये लंडनच्या पार्लमेंटने जाहीरच केलं की आयर्लंडसाठी कायदे करायचा हक्क आमचा. हे वाचताना मराठी माणसाला वेगळं समजावून सांगावं लागत नाही, आपल्या आजोबा-पणजोबांनी हेच भोगलंय. त्याच वर्षी स्विफ्टने निनावी पत्रक काढलं की आयरिश माणसाने आयरिश कापडच वापरावं, म्हणजे सरळ स्वदेशी. सरकारने छापणाऱ्यावर खटला भरला, ज्युरीने निर्दोष म्हटलं तर न्यायाधीशाने त्यांना नऊ वेळा परत पाठवलं.

एवढं डोक्यात असलं की पुरे. मोठं चरित्र आत्ता घेऊ नका, ते नंतर जास्त गोड लागतं.

पायरी २: तोंडी लावायला पंचांगवाल्याचा किस्सा

सोंग म्हणजे काय ते कळायला हा सोपा धडा. १७०८ साली लंडनमध्ये जॉन पार्ट्रिज नावाचा एक भविष्यवाला होता, दरवर्षी त्याचं पंचांग खपायचं, आणि त्यात तो चर्चवर घसरायचा. स्विफ्टने 'आयझॅक बिकरस्टाफ' हे नाव घेऊन स्वतःच भविष्य छापलं की ग्रह-तारे बघता पार्ट्रिज २९ मार्चला रात्री अकराच्या सुमारास तापाने मरणार. ती तारीख उलटली आणि दुसरं पत्रक निघालं, मृत्यूचा साग्रसंगीत वृत्तांत. पार्ट्रिज बिचारा छापून सांगतोय मी जिवंत आहे, आणि बिकरस्टाफ उलट पुरावे देतोय की नाही, तो मेलेलाच आहे. पंधरा-वीस मिनिटांत वाचून होतं. यात बघायचं एवढंच की बिकरस्टाफ एकदाही हसत नाही, पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत गंभीर चेहरा. हा चेहरा लक्षात ठेवा, पुढच्या पायरीला तोच चेहरा भेटणार आहे आणि तेव्हा हसू येणार नाही.

पायरी ३: 'अ मॉडेस्ट प्रपोझल', हातात पेन्सिल घेऊन

इथे घाई करू नका. जेमतेम आठ-दहा पानं, इंटरनेटवर फुकट मिळतात, प्रोजेक्ट गुटेनबर्गवर आहेत, पण जमलं तर कागदावर प्रिंट काढा, कारण खुणा करायच्यात.

साल १७२९. त्याआधीची तीन-चार वर्षं पिकं बुडालेली, डब्लिनच्या रस्त्यांवर भिकारणी आणि त्यांच्यामागे तीन-तीन, सहा-सहा चिंध्यांतली पोरं. निबंध सुरू होतो तो याच दृश्यापासून, आणि पहिली ओळ खरोखर कळवळ्याची आहे, कोणीही मान डोलवेल. बोलणारा माणूस सभ्य, अभ्यासू, देशाची चिंता करणारा. तो म्हणतो मी खूप वर्षं विचार केलाय, इतरांच्या योजनांमध्ये हिशोबाच्या चुका आहेत. मग हिशोब मांडतो.

इथे पेन्सिल काढा आणि प्रत्येक आकड्याला गोल करा. देशात माणसं १५ लाख. मुलं होऊ शकतील अशी जोडपी २ लाख. त्यातून स्वतःची पोरं पोसू शकणारी ३० हजार वजा. राहिली १ लाख ७० हजार. गर्भपात आणि वर्षाच्या आत मरणारी मुलं म्हणून ५० हजार वजा. म्हणजे दरवर्षी गरिबांघरी १ लाख २० हजार मुलं. आतापर्यंत सगळं एखाद्या सरकारी अहवालासारखं. मग येतो प्रस्ताव: यातली २० हजार पैदाशीसाठी ठेवा, उरलेली १ लाख एक वर्षाची झाली की श्रीमंतांना खायला विका. मूल वर्षभर पोसायचा आईचा खर्च २ शिलिंग, विक्रीची किंमत १० शिलिंग, निव्वळ नफा ८ शिलिंग. पाहुणे आले तर एका मुलाचे दोन पदार्थ होतील, मिरी-मीठ लावून ठेवलं तर चौथ्या दिवशी उकडून चांगलं लागेल, विशेषतः हिवाळ्यात.

मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा इथे थांबून मागे गेले, कारण मला वाटलं माझं इंग्रजी कमी पडलं. नव्हतं पडलं.

आता परत पहिल्या पानावर या आणि आकड्यांच्या आधीचे शब्द बघा. मूल जन्मतं त्यासाठी त्याने जो शब्दप्रयोग वापरलाय तो जनावरांचा आहे. मराठीत बाई बाळंत होते आणि गाय विते, बरोबर? त्या सभ्य गृहस्थाने अगदी सुरुवातीलाच, कोणाच्या लक्षात येणार नाही अशा बेताने, बाईला 'व्यायला' लावलंय. म्हणजे प्रस्ताव पुढे येतो पण माणसाचं जनावर आधीच झालेलं असतं, आणि ते आपण मान डोलवत वाचत आलेलो असतो. हे मला स्विफ्टचं सगळ्यात मोठं काम वाटतं, क्रौर्य शेवटी नसतं, ते मोजायला सुरुवात केली तिथेच असतं.

आणि एकच वाक्य असं शोधा जिथे सोंग जरा सरकतं. बोलणारा म्हणतो, हे मांस महाग पडेल, म्हणून जमीनदारांना शोभेल, त्यांनी आईबापांना खाल्लेलंच आहे तर मुलांवरही पहिला हक्क त्यांचाच. इथे स्विफ्टचा स्वतःचा आवाज ऐकू येतो.

शेवटाकडे अजून एक जागा आहे, ती चुकवू नका. गृहस्थ वैतागून म्हणतो की मला बाकीचे उपाय सांगू नका, आणि मग ते उपाय एकामागोमाग मोजतो: बाहेर राहणाऱ्या मालकांवर पौंडामागे ५ शिलिंग कर, देशात बनलेलंच कापड आणि सामान, जमीनदारांना कुळांविषयी थोडी तरी दया. हे सगळे उपाय खरे आहेत. यातले बरेचसे स्विफ्टने स्वतः आधी नऊ-दहा वर्षं घसा फोडून सांगितले होते आणि कोणी ऐकलं नव्हतं. त्याच्या निबंधातला सगळ्यात प्रामाणिक भाग त्याने 'हे बोलू नका' म्हणून लिहिलाय. दुसऱ्यांदा वाचताना माझ्या घशात आवंढा आला तो याच ठिकाणी.

एकदा मनात, एकदा मोठ्याने, असं दोनदा वाचा. मोठ्याने वाचताना तो सभ्य सूर आपल्याच तोंडून निघतो आणि मग अंगावर काटा येतो.

पायरी ४: कापडवाल्याची पत्रं, फक्त पहिलं

हे सोंग अगदी वेगळं. १७२२ साली विल्यम वूड नावाच्या इंग्रज कारखानदाराला आयर्लंडसाठी तांब्याची नाणी पाडायचा मक्ता मिळाला, १ लाख पौंडाच्या वर किमतीची नाणी. हा मक्ता त्याने राजाच्या मर्जीतल्या डचेस ऑफ केंडलकडून १० हजार पौंड मोजून घेतलेला. आयर्लंडला विचारलंच नाही. हलकी नाणी येणार आणि सोनं-चांदी देशाबाहेर जाणार ही भीती. १७२४ मध्ये स्विफ्टने एका साध्या कापड दुकानदाराच्या तोंडून पत्रं लिहिली, दुकानदाराच्याच भाषेत. तो सांगतो की बाईसाहेब आमच्या दुकानात आल्या तर बग्गीच्या मागून वूडचे पैसे भरलेली गाडी आणावी लागेल, आणि एका बड्या जमीनदाराला अर्ध्या वर्षाचा खंड शहरात आणायला दोन-अडीचशे घोडे लागतील. अर्थशास्त्राचं एकही अवघड वाक्य नाही, पण चलन हलकं झालं तर काय होतं ते शेवटच्या माणसालाही कळावं अशी मांडणी.

सरकारने लेखकाचं नाव सांगणाऱ्याला ३०० पौंड बक्षीस लावलं. डब्लिनमध्ये हे कोणाचं काम ते बहुतेकांना ठाऊक होतं. कोणीही सांगितलं नाही. १७२५ मध्ये मक्ता रद्द झाला. छापणारा जॉन हार्डिंग मात्र तुरुंगात गेला आणि त्याच वर्षी वारला. आणि चार वर्षांनी 'मॉडेस्ट प्रपोझल' छापलं कोणी? त्याच्या विधवेने, सारा हार्डिंगने. स्विफ्टचं धाडस सांगताना या दोघांचं नाव घ्यायलाच हवं, पकडले जाणारे ते होते.

चौथं पत्र, सगळ्या आयरिश जनतेला उद्देशून लिहिलेलं, तेही जमलं तर वाचा. बाकीची राहू द्या.

एक गोष्ट मात्र स्पष्ट सांगते, उगाच त्याला आपल्या मनातला क्रांतिवीर करू नका. तो आपल्या चर्चचा कट्टर माणूस होता, कॅथलिकांना आणि इतर पंथांना बरोबरीचे राजकीय हक्क द्यावेत असं त्याचं मत नव्हतं. हे माहीत असूनच त्याला वाचायचं.

पायरी ५: आता गलिव्हर, पण पूर्ण

२८ ऑक्टोबर १७२६ ला लंडनमध्ये प्रसिद्ध झालं, लेखक म्हणून नाव लेम्युएल गलिव्हरचं. प्रकाशक मॉट घाबरला आणि त्याने काही मजकूर बदलला, म्हणून पुस्तक घेताना बघा की ते १७३५ च्या डब्लिन आवृत्तीवरून केलेलं आहे का, सहसा सुरुवातीला गलिव्हरचं चुलतभावाला लिहिलेलं तक्रारीचं पत्र असेल तर ती बरोबर आवृत्ती. संक्षिप्त, सचित्र, मुलांसाठी, असं काही कव्हरवर असेल तर आत्ता नको.

चार प्रवास आहेत. माझा सल्ला: पहिला, दुसरा, मग एकदम चौथा, आणि तिसरा शेवटी. तिसरा तुटक आहे आणि मी दोन्ही वेळा तिथेच अडकले होते.

पहिल्यात लिलिपुट. अंडं कुठल्या टोकाने फोडायचं यावरून युद्ध, ११ हजार माणसांनी मरण पत्करलं पण अंडं बारक्या टोकाने फोडलं नाही. मागे इंग्लंड-फ्रान्स आणि प्रोटेस्टंट-कॅथलिक भांडण आहे, पण तळटीपांत अडकू नका, एकदा सलग वाचून काढा. आकड्यांची सवय इथेही ठेवा. लिलिपुटचा माणूस गलिव्हरच्या एक बारांश उंचीचा, म्हणून त्याला किती जणांचं जेवण लागेल याचा दरबारी गणितज्ञ हिशोब करतात. काही आवृत्त्यांत १७२४ छापलंय, काहींत १७२८. तुम्ही उंची, रुंदी, जाडी तिन्ही धरून १२ गुणिले १२ गुणिले १२ करून बघा, १७२८ येतं.

दुसऱ्यात उलटं, तो बारका आणि बाकी राक्षसाएवढे. हा प्रवास सुरू होतो तो सुरतेला निघालेल्या जहाजावरून, १७०२ सालात! आपल्या ओळखीचं सुरत, शिवाजी महाराजांच्या दोन स्वाऱ्या झालेलं, तेव्हा इंग्रज व्यापाऱ्यांचं मोठं ठाणं. गलिव्हर तिथे पोचत नाही, वादळ त्याला भलतीकडे नेतं. तिसऱ्या प्रवासात मात्र जहाज मद्रासच्या फोर्ट सेंट जॉर्जला लागतं. दोन्ही वेळा एका वाक्यात उरकलंय, पण वाचताना एकदम जाणवतं की ही कुठली काल्पनिक समुद्रसफर नाही, कंपनीच्या जहाजांचा नेहमीचा रस्ता आहे. तर त्या राक्षसांच्या राजाला गलिव्हर मोठ्या अभिमानाने बंदुकीच्या दारूचं गुपित देऊ करतो आणि राजा हादरून नको म्हणतो. तोच राजा म्हणतो की जिथे गवताचं एक पातं उगवतं तिथे जो दोन उगवून दाखवील तो सगळ्या राजकारण्यांपेक्षा जास्त उपयोगी. हे प्रकरण सावकाश वाचा.

चौथा प्रवास अवघड. शहाणे घोडे, ज्यांच्या भाषेत 'खोटं' याला शब्दच नाही, आणि माणसासारखे दिसणारे घाणेरडे 'याहू'. गलिव्हर घोड्यांच्या इतका प्रेमात पडतो की घरी परत आल्यावर बायको-मुलांचा वास सहन होत नाही आणि रोज चार तास तबेल्यात घोड्यांशी बोलतो. इथे बरेच जण म्हणतात बघा, स्विफ्ट माणूसद्वेष्टा होता. पण किल्ली आठवा, बोलतोय कोण? त्याला वाचवणारा पोर्तुगीज कप्तान पेड्रो दी मेंदेझ नीट बघा, स्वतःचे कपडे देतो, घरात ठेवतो, पैसे घेत नाही, आणि गलिव्हर मात्र त्याच्याकडे पाठ फिरवून बसतो. पुस्तकातला इतका चांगला माणूस स्विफ्टने तिथे मुद्दाम ठेवलाय. कवी मित्र पोपला १७२५ साली लिहिलेल्या पत्रात तो म्हणतो की मला मनुष्य नावाच्या प्राण्याचा तिटकारा आहे, पण जॉन, पीटर, थॉमस यांच्यावर मात्र माझं मनापासून प्रेम आहे. दोन्ही भाग एकत्रच वाचायचे, अर्धंच सांगणारे खूप भेटतील.

पायरी ६: स्टेला

सोंग नसलेला स्विफ्ट हवा असेल तर तो इथे आहे. लंडनच्या वर्षांत त्याने डब्लिनला स्टेलाला आणि तिच्या सोबतिणीला रोजच्या रोज लिहिलेली पत्रं पुढे पुस्तकरूपात आली, त्यात कोळशाच्या खर्चापासून मंत्र्यांच्या जेवणापर्यंत सगळं, आणि मध्येच बोबडी भाषा. दोघांचं गुपचूप लग्न झालं होतं का यावर पानंच्या पानं लिहिली गेलीत, त्यात पडू नका.

ती गेली २८ जानेवारी १७२८ ला, रविवारी. त्याला रात्री आठच्या सुमारास चिठ्ठी आली, पाहुणे निघून गेल्यावर त्याने त्याच रात्री तिच्याबद्दल लिहायला घेतलं. दोन दिवसांनी तिचा दफनविधी, रात्री, त्याच्याच कॅथीड्रलमध्ये, आणि हा आजारी म्हणून गेला नाही. तो लिहितो की आत्ता रात्रीचे नऊ वाजलेत, मी दुसऱ्या खोलीत येऊन बसलोय, कारण माझ्या झोपायच्या खोलीची खिडकी चर्चच्या समोर आहे आणि तिथला उजेड मला दिसायला नको. बस, एवढंच.

'मॉडेस्ट प्रपोझल' याच्या पुढच्या वर्षीचं आहे. मी हे नंतर जुळवलं, तुम्ही आधीच जुळवून वाचा.

पायरी ७: गैरसमज एक, आणि मग तो आज कुठे कुठे आहे ते

'स्विफ्ट शेवटी वेडा झाला' असं ऐकायला मिळेल. त्याला तरुणपणापासून चक्कर आणि बहिरेपणाचे झटके यायचे, आज ज्याला मेनिएरचा आजार म्हणतात तोच तो असं मानतात, पण त्या आजाराचं वर्णनच झालं १८६१ मध्ये. तो स्वतः समजायचा की तरुण वयात खूप सफरचंदं खाल्ल्याने झालं. १७४२ मध्ये म्हातारपणी स्मृती गेली तेव्हा पालक नेमले, १९ ऑक्टोबर १७४५ ला तो गेला. आजारपण होतं ते. गलिव्हर लिहिताना तो पूर्ण शुद्धीत होता, आकडे तपासलेत आपण.

प्रभाव म्हणाल तर तुमच्या फोनमध्येही आहे. कॉम्प्युटर शिकलेल्यांना बिग-एंडियन आणि लिटल-एंडियन माहीत असेल, म्हणजे आकड्यातले बाइट कुठल्या टोकापासून मांडायचे, ते नाव संगणकतज्ज्ञ डॅनी कोहेनने १९८० मध्ये थेट लिलिपुटच्या अंड्यावरून उचललं. 'याहू' तर सगळ्यांनी वापरलंय. तिसऱ्या प्रवासात मंगळाला दोन चंद्र असल्याचं लिहिलंय आणि ते प्रत्यक्षात सापडले १८७७ साली, त्याला काही दिव्यदृष्टी नव्हती, तसा अंदाज खगोलशास्त्रज्ञ केप्लरच्या काळापासून होता, तरी डायमॉस या चंद्रावरच्या एका विवराला आज स्विफ्टचं नाव आहे. 'व्हनेसा' हे मुलींचं नावही त्याने एका मैत्रिणीसाठी बनवलेलं. लेखकांत ऑर्वेलने त्याच्यावर जीव लावला आणि तरी १९४६ च्या निबंधात त्याच्याशी कडाडून भांडला, गलिव्हर वाचून झाल्यावर तो निबंध जरूर काढा.

डब्लिनला आपली मराठी मंडळी आता बरीच आहेत, आयटीत आणि हॉस्पिटलांत, तुमचं कोणी तिकडे असेल किंवा तुम्ही जाणार असाल तर सेंट पॅट्रिक्स कॅथीड्रलला अर्धा दिवस ठेवा. आत गेल्यावर आधी खाली जमिनीकडे बघा, स्विफ्ट आणि स्टेला जवळजवळ आहेत. मग भिंतीवरचा काळा संगमरवरी दगड शोधा, त्यावरचा लॅटिन मजकूर त्याने स्वतः लिहून ठेवला होता, अक्षरं मोठी, खोल कोरलेली आणि सोन्याने भरलेली असावीत हेसुद्धा मृत्युपत्रात सांगून. त्यात तो म्हणतो की तो इथे पडलाय, जिथे भयंकर संताप यापुढे त्याचं काळीज फाडू शकणार नाही.

तिथून पश्चिमेला थोडं चालत गेलं की सेंट पॅट्रिक्स हॉस्पिटल लागतं. जवळजवळ सगळी मालमत्ता त्याने मानसिक रुग्णांच्या या इस्पितळासाठी ठेवली, १७५७ मध्ये ते उघडलं आणि आजही चालू आहे. आत जायची गरज नाही, रुग्ण असतात, बाहेरूनच बघा.